गाव : वारसा की ठराव?

१९१५ या एकाच वर्षी जगाच्या दोन टोकांना खेड्याविषयीची दोन पुस्तके प्रसिद्ध झाली. एक मराठीत, त्रिंबक नारायण आत्रे यांचे 'गावगाडा'. दुसरे अमेरिकेत, एडगर ली मास्टर्स यांचे 'स्पून रिव्हर अँथॉलॉजी'. एक समाजशास्त्रीय गद्य, तर दुसरा कवितासंग्रह. या दोन लेखकांना एकमेकांची वार्ता असण्याचे काही कारण नव्हते, आणि दोन्ही पुस्तकांची जातकुळीही वेगळी. तरीही ती शेजारी ठेवून वाचण्याजोगी आहेत, कारण दोन्ही लेखकांनी एकच गोष्ट नाकारली. खेडे म्हणजे निर्मळ, एकजीव, सुखदुःखात सामील होणारा समुदाय, ही समजूत त्यांनी स्वीकारली नाही.

आत्रे हिशेब मांडतात. वतनदार, बलुतेदार, सरकारी अंमलदार, फिरस्ते आणि भिक्षेकरी या साऱ्यांचे ओझे शेवटी कुणब्याच्या खळ्यावर कसे येऊन पडते, हे ते जिन्नसवारीने दाखवतात. मास्टर्स वेगळ्या वाटेने जातात. शिकागोत वकिली करणाऱ्या या कवीने इलिनॉय राज्यातील आपल्या बालपणीची दोन गावे, पीटर्सबर्ग आणि ल्युइसटाउन, मिसळून एक काल्पनिक गाव रचले आणि तिथल्या दफनभूमीतील मृतांना बोलते केले. जिवंतपणी शेजारधर्माच्या आड झाकून ठेवलेले सारे ही माणसे मेल्यानंतर सांगतात. आत्र्यांच्या गावाचे सत्य खळ्यावर दिसते, मास्टर्सच्या गावाचे थडग्यावर.

हे आठवण्याचे कारण असे की, शंभराहून अधिक वर्षे लोटल्यावरही आपल्या मराठी विभागांतून, चर्चासत्रांतून आणि शोधनिबंधांतून खेड्याविषयी जे बोलले जाते, त्यात आत्र्यांचा हिशेबीपणा औषधालाही सापडत नाही. तिथे एकच सूर लागलेला असतो आणि तो म्हणजे हरवलेल्या गावाचा. नांगर गेला, मोट गेली, जाते गेले, पाटावरच्या ओव्या गेल्या, माणुसकी गेली. एम.ए.च्या उत्तरपत्रिकेत ग्रामीण कादंबरीवरचा प्रश्न आला की 'कृषिसंस्कृतीचा ऱ्हास', 'यंत्रयुगाचे आक्रमण', 'बोलीचा गोडवा' आणि 'मातीची ओढ' ही चार शीर्षके ठरलेली असतात. कादंबरी कोणतीही असो, उत्तर तेच. ज्या उत्तराला कादंबरी बदलली तरी धक्का लागत नाही, ते उत्तर कादंबरीचे नसते. ते आपल्या सवयीचे असते.

या सवयीची किंमत काय, हे एका उदाहरणाने पाहू. आनंद यादव यांची 'गोतावळा' (१९७१) ही कादंबरी बहुतेकांनी वाचलेली असते. नारबा हा सालगडी, मळ्यातली जनावरे हाच त्याचा गोतावळा. यंत्र येते, जनावरे जातात आणि नारबा उघडा पडतो. या कथानकाचा अन्वय 'निसर्ग विरुद्ध यंत्र' असा लावण्याची प्रथा पडली आहे. परंतु कादंबरी जरा सावकाश वाचली की एक साधी गोष्ट पुढे येते. नारबाचे जे हरवले ते कधी त्याचे नव्हतेच. मळा मालकाचा, बैल मालकाचे, झोपायची जागासुद्धा मालकाची. माणसांच्या गावात त्याला ना जमीन आहे ना संसार, म्हणून त्याने जनावरांत नाती शोधली. तेव्हा ही करुणा यंत्राने निर्माण केलेली नाही. ती सालगडीपणातच होती, यंत्राने तिच्यावरचे पांघरूण तेवढे ओढून काढले. 'कृषिसंस्कृतीचा ऱ्हास' असे उत्तर लिहिणारा विद्यार्थी नकळत मालकाच्या बाजूने शोक करीत असतो. यादवांनी मात्र कादंबरी गड्याच्या तोंडून सांगितली आहे.

असेच शंकर पाटलांचे. पट्टणकोडोलीचा हा कथाकार आपण विनोदासाठी आणि रांगड्या संवादांसाठी लक्षात ठेवला. त्यांच्या 'टारफुला'चा (१९६४) विषय मात्र सत्ता हा आहे. पाटील जातो, गावाचा धाक जातो, त्या पोकळीत दांडगाई वाढते, आणि मग नवा धाक बसवणारा माणूस येतो. गावातील शांतता ही कोणत्या गोष्टीवर उभी असते, हा त्या कादंबरीचा प्रश्न. रा. रं. बोराडे यांच्या 'पाचोळा'त (१९७१) शिंप्याचे एक घर गावाच्या डोळ्यांदेखत उद्ध्वस्त होते आणि ही कहाणी त्या घरातली बाई सांगते. राजन गवस यांच्या 'तणकट'मध्ये गावातील दलित आणि सवर्ण यांच्यातील ताण हाच कथेचा कणा आहे. म्हणजे आमच्या लेखकांनी गाव डोळे उघडे ठेवून पाहिले आहे. वाचताना डोळे मिटले ते आम्ही.

अमेरिकेच्या मध्यपश्चिमेकडील लहान गावांवरच्या साहित्याकडे पाहिले तर तुलनेला एक उपयुक्त बाजू मिळते. मास्टर्सनंतर शेरवूड अँडरसन यांचे 'वाइन्सबर्ग, ओहायो' (१९१९) आले, सिंक्लेअर लुईस यांची 'मेन स्ट्रीट' (१९२०) आली. कार्ल व्हॅन डोरेन या समीक्षकाने १९२१ साली या साऱ्या लेखनाला 'गावाविरुद्धचे बंड' असे नाव दिले. लुईस यांचे जन्मगाव मिनेसोटातील सॉक सेंटर. त्याच गावावरून त्यांनी 'गोफर प्रेअरी' हे संकुचित, आत्मतुष्ट, परक्याला श्वास घेऊ न देणारे गाव रंगवले. आपले चित्र पाहून गाव दुखावणे स्वाभाविकच होते. पण पुढे लुईस यांना १९३० साली नोबेल पारितोषिक मिळाले, आणि आज त्याच गावाने आपल्या मुख्य रस्त्याला 'मूळ मेन स्ट्रीट' म्हणून मिरवले आहे. यात थोडा व्यापार आहे, थोडा विनोदही आहे. तरी एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी वाटते. कठोर चित्रणाने गाव मेले नाही. ज्याने गावाला नावे ठेवली त्यालाच गावाने आपला म्हटले. गावाविषयी कडू बोलणे म्हणजे गावाशी वैर, हे समीकरण आपल्याकडे अजून सुटलेले नाही, म्हणून हा दाखला.

आता या विषयातील अधिक अवघड भागाकडे वळू. 'गाव' हा शब्द उच्चारताना आपण त्यात कोणाला धरतो?

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत मसुदा मांडताना हाच प्रश्न विचारला होता. चार्ल्स मेटकाफ या इंग्रज अधिकाऱ्याने १८३० साली हिंदी खेड्यांचे 'छोटी प्रजासत्ताके' म्हणून केलेले वर्णन त्या वेळी अनेकांच्या ओठांवर होते. बाबासाहेबांनी ते वर्णन सभेसमोर ठेवून त्याचा गौरव करण्यास नकार दिला. खेडे हे संकुचितपणाचे आणि अज्ञानाचे आगर आहे, आणि मसुद्याने खेड्याऐवजी व्यक्ती हा घटक मानला याचे आपल्याला समाधान आहे, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. पुढे ग्रामपंचायतींविषयीचे कलम ४० संविधानात आले ते खरे. परंतु त्या दिवशी उपस्थित झालेला प्रश्न मिटला नाही. गावकुसाबाहेर ज्याचे घर आहे त्याने 'आमचे गाव' हे शब्द कोणत्या स्वरात उच्चारावेत?

मराठीत या प्रश्नाचे सर्वांत थेट उत्तर दया पवार यांच्या 'बलुतं'ने (१९७८) दिले. शीर्षकच पाहा. आत्र्यांच्या पुस्तकात बलुते हा व्यवस्थेच्या हिशेबातील एक रकाना आहे, पवारांच्या पुस्तकात ते माणसाच्या पदरात पडलेले दुःख आहे. एकाच शब्दाची ही दोन वाचने म्हणजे मराठी गावाचा अर्धा इतिहास होय. आपण कोल्हापुरात बसून हे बोलतो आहोत, तेव्हा हेही स्मरले पाहिजे की या संस्थानात राजर्षी शाहू महाराजांनी १९१८ सालीच महार वतन रद्द केले. मुंबई राज्याला कनिष्ठ ग्रामवतने रद्द करणारा कायदा करण्यासाठी १९५८ उजाडावे लागले. ज्या रचनेतील शोषण एका राजाने इतक्या लवकर ओळखले, त्या रचनेला 'परस्परावलंबी, सुसंवादी बलुतेदारी' म्हणून आजही उत्तरपत्रिकांतून गौरवले जाते, आणि आपण त्याला गुण देतो.

याहून खटकणारी गोष्ट अभ्यासक्रमाच्या रचनेत आहे. अनेक विद्यापीठांत ग्रामीण साहित्याची अभ्यासपत्रिका वेगळी असते, दलित साहित्याची वेगळी, आणि स्त्रीवादी साहित्याची आणखी वेगळी. प्रवाहांची ओळख करून देण्यासाठी ही सोय एके काळी आवश्यक होती, कारण त्यावाचून हे साहित्य वर्गात आलेच नसते. आज मात्र तिचा परिणाम विचित्र होऊन बसला आहे. एकाच गावातील एकाच वाटेवर राहणारी माणसे तीन वेगवेगळ्या सत्रांत भेटतात. सोमवारी पाटलाचा मळा, बुधवारी महारवाडा, शुक्रवारी माजघरातील बाई. गावकूस जमिनीवर पुसट होत गेले आणि आपण ते वेळापत्रकात पुन्हा बांधले. 'गोतावळा' आणि 'बलुतं' ही दोन पुस्तके एका तासाला एकत्र वाचली तर सालगडी आणि बलुतेदार यांच्यातील साम्य आणि भेद दोन्ही दिसतील. सालगड्याला निदान मालक बदलता येतो. बलुतेदाराला गाव बदलता येत नाही, आणि ते सोडले तरी जात सुटत नाही. हा भेद वेगवेगळ्या अभ्यासपत्रिकांत वाचून कधीच कळणार नाही.

येथपर्यंतचा युक्तिवाद ऐकून कोणी म्हणेल, मग गाव नावाचा समुदाय असा नाहीच का? सगळा नुसता पिळवणुकीचा कारभारच आहे काय? तसे मानणेही चुकीचे ठरेल. गाव हा समुदाय असू शकतो. मात्र तो वारशाने मिळत नाही, तो घडवावा लागतो आणि घडवलेला टिकवावा लागतो, असे माझे मत आहे.

व्यंकटेश माडगूळकरांची 'बनगरवाडी' (१९५५) या दृष्टीने पुन्हा वाचून पाहावी. औंध संस्थानातील धनगरांची ती वाडी. आपण तिच्याकडे माणदेशी निसर्गाचे आणि भाबड्या माणसांचे हृद्य चित्र म्हणून पाहतो. परंतु तरुण मास्तर तिथे येतो तेव्हा वाडीत एकमेकांना बांधणारे असे फारसे काही नसते. जो तो आपापल्या मेंढरांमागे. पुढे वाडीला तालीम बांधायचे ठरते. दगड, माती, लाकूड, श्रम सारे गोळा करावे लागते. रुसवे निघतात, आडकाठी होते, आणि अखेरीस तालीम उभी राहते. वाडी 'गाव' होते ती त्या कामात. नंतर दुष्काळ येतो, माणसे जगायला बाहेर पडतात, वाडी ओस होते. तालमीच्या भिंती उभ्या असतात, पण गाव नसते. समुदाय म्हणजे वस्ती नव्हे आणि इमारतही नव्हे, हे माडगूळकरांनी एका शब्दाचेही भाष्य न करता दाखवले आहे. ही कादंबरी स्मरणरंजनाची नसून समुदाय कसा बनतो आणि कसा विरतो याची आहे.

कादंबरीच्या बाहेर पाहायचे तर आपल्याच जिल्ह्यात एक दाखला आहे. २०२२ च्या मे महिन्यात शिरोळ तालुक्यातील हेरवाड या गावाच्या ग्रामसभेने विधवा प्रथेविरुद्ध ठराव केला. पतीच्या निधनानंतर स्त्रीच्या बांगड्या फोडणे, कुंकू पुसणे, मंगळसूत्र आणि जोडवी काढणे हे गावात होऊ नये, असा त्याचा आशय. शाहू महाराजांचे निधन ६ मे १९२२ चे, म्हणजे ते स्मृतिशताब्दीचे दिवस होते. त्याच महिन्यात राज्य शासनाने परिपत्रक काढून इतर ग्रामपंचायतींना हेरवाडचा कित्ता गिरवण्याचे आवाहन केले. हातकणंगले तालुक्यातील माणगावनेही असाच निर्णय घेतला. हे माणगाव तेच, जिथे मार्च १९२० मध्ये बहिष्कृत वर्गाची परिषद भरली आणि शाहू महाराजांनी तरुण आंबेडकरांचे नेतृत्व जाहीरपणे पुढे आणले.

या घटनेचे कौतुक वृत्तपत्रांनी केले आणि ते योग्यच होते. साहित्याच्या अभ्यासकाने मात्र तिच्याकडे आणखी एका कारणासाठी पाहावे. कुंकू पुसण्याची प्रथा कुणा एकाची नव्हती. ती 'गावाची रीत' होती, म्हणजे ती करणारे हात भावकीतल्या आणि शेजारपाजारच्या बायकांचे असत आणि तिचे कर्तेपण मात्र कोणाकडेच नसे. रीत असे करते, माणूस नाही. ही तिची ताकद. ठरावात याच्या उलट घडते. ठरावाला सूचक लागतो, अनुमोदक लागतो, तारीख लागते, उपस्थितांच्या सह्या लागतात. जे अनामिक होते त्याला नावे चिकटतात. 'आमच्यात असेच असते' या वाक्याच्या जागी 'आम्ही असे ठरवतो' हे वाक्य येते. वारशाचे गाव आणि ठरावाचे गाव यांतील अंतर या दोन वाक्यांत सामावलेले आहे.

ठरावाने सारे बदलते असे मानणे भाबडेपणाचे होईल. ग्रामसभेच्या ठरावाला कायद्याची नखे नसतात. ७३ व्या घटनादुरुस्तीने १९९३ पासून ग्रामसभेला घटनात्मक स्थान मिळाले तरी माजघरात काय घडते हे ग्रामसभेच्या हाती नसते. एखादी बाई स्वतःहून कुंकू लावणे सोडील, एखादीची सासू ठरावाला जुमानणार नाही, एखादी कुंकू लावील पण हळदीकुंकवाला कोणी बोलावणार नाही. तिथूनच तर साहित्याचे काम सुरू होते. ठराव झाल्यानंतरच्या पहिल्या मृत्यूच्या दिवशी त्या घरात काय झाले असेल? कोणाचा हात पुढे आला असेल आणि कोणी तो धरला असेल? सवयीचा हात आणि सही केलेला हात एकाच बाईचा असेल तर तिच्या मनात काय चालले असेल? मराठी ग्रामीण कथेला याहून मोठा विषय हवा आहे असे मला वाटत नाही. हरवलेल्या मोटेवर आणखी शंभर कथा लिहिण्यापेक्षा अशी एक कथा अधिक मोलाची ठरेल.

एक आक्षेप मात्र गंभीरपणे घ्यायला हवा. आठवणींना इतके हिणवण्याचे कारण नाही, ज्यांचे गाव खरोखरच गेले त्यांच्यापाशी आठवणीवाचून दुसरे काय असते, असे कोणी विचारील. हा आक्षेप रास्त आहे. पन्हाळा तालुक्यातील लेखक कृष्णात खोत यांच्या 'रिंगाण' या कादंबरीला २०२३ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. धरणासाठी उठवलेल्या माणसांची आणि मागे राहिलेल्या जनावराची ती कहाणी. अशा लेखनातील आठवण ही चैन नव्हे. ती एक मागणी असते, जवळपास पुराव्यासारखी. इथे आमचे घर होते, ही वाट होती, हे पाणी होते. तिला उत्तर द्यावे लागते. मला आक्षेप आहे तो दुसऱ्या प्रकारच्या आठवणीवर. शहरात सदनिका घेऊन स्थिरावलेल्या, गावाकडची वाटणी नीट करून घेतलेल्या आणि व्यासपीठावर मातीच्या वासाने गहिवरणाऱ्या आठवणीवर. ती कोणाकडे काही मागत नाही आणि कोणाला काही विचारत नाही. गावकुसाबाहेरच्या घराची तिला कधी आठवण येत नाही. या दोन आठवणींत फरक करायला शिकवणे हे साहित्याच्या शिक्षकाचे काम नव्हे काय?

आमच्या वर्गातील बहुतेक मुले एस.टी.ने खेड्यांतून येतात. त्यांच्याबाबतीत एक विसंगती वर्षानुवर्षे दिसते. वर्गात बोलायला उभी राहिली की ती आपली बोली लपवतात आणि परीक्षेत त्याच बोलीच्या गोडव्यावर दोन पाने लिहितात. गाव हा त्यांच्यासाठी जगण्याचा भाग आहे आणि अभ्यासात तो एक ठरावीक उत्तर होऊन बसला आहे. ही दरी बुजवायची तर फार मोठ्या सुधारणांची वाट पाहण्याची गरज नाही. ग्रामीण, दलित आणि स्त्रियांचे लेखन निदान एका अभ्यासपत्रिकेत शेजारी ठेवता येईल. 'गावगाडा'तील एखादे प्रकरण कादंबरीसोबत वाचायला देता येईल. आणि प्रकल्पासाठी पुस्तकांची नक्कल करून घेण्याऐवजी प्रत्येकाला आपल्या गावच्या ग्रामसभेचे इतिवृत्त पाहून यायला सांगता येईल. गेल्या काही वर्षांत गावाने काय ठरवले, कोणी सुचवले, कोण गप्प बसले, कोण हजरच नव्हते आणि का, याची टिपणे करायला सांगावीत. २००५, २०१९ आणि २०२१ च्या महापुरांत कोणाची घरे आधी बुडाली आणि कोणाला कुठे आसरा मिळाला, हे घरच्या वडीलधाऱ्यांना विचारायला सांगावे. पाणी सर्वांच्या दारी सारखे येत नाही. गावाची रचना ते अचूक सांगते.

असे एखादे टिपण घेऊन विद्यार्थी 'टारफुला' किंवा 'तणकट' उघडील तेव्हा त्याला त्यात 'ग्रामीण जीवनाचे दर्शन' होणार नाही. त्याला आपल्या गावातील माणसे दिसतील, आणि त्यांत आपले घर नेमके कोठे आहे, हा प्रश्न पडेल. तो प्रश्न पडलेल्या विद्यार्थ्याच्या उत्तरपत्रिकेत ती चार ठरलेली शीर्षके येणार नाहीत. आली नाहीत म्हणून त्याचे गुण कापले जाऊ नयेत, एवढी काळजी आपण शिक्षकांनी घेतली तरी पुष्कळ झाले.